उलटा फ्लेक्स

"टाक की आता," कोमलचा भाऊ प्रदीप म्हणाला. "आबा व्हते तोवर टाकायचं न्हवतं. आता कुणाची वाट बघती?"

कोमलच्या हातात फोन होता. फोनवर कैलास मांडववाल्याचा रिव्ह्यू, एक स्टारचा. स्वतःच्या लग्नाच्या दुसऱ्या दिवशी तिनं तो लिहून ठेवला होता, बटण तेवढं दाबायचं राहिलं होतं. मांडव हळद उरकल्यावर उभा राहिला. पंखे चार सांगून दोन आले, त्यातला एक नुसता मान हलवायचा. आणि नवरदेव दारात आला नेमकं तेव्हाच जनरेटर बंद पडला, तो तासभर, डिझेल नाही म्हणून.

तेव्हा बजरंग आबांनीच लेकीचा हात धरला होता. "मी हाय तोवर गावातल्या माणसाचं असं लिवायचं न्हाई. नवं नवं धंद्यात पडलंय पोरगं. लोणावळ्याच्या हाटेलांची कामं त्येला ह्या फोनवर बघूनच मिळायची."

लग्नाला अकरा दिवस होत नाहीत तोवर आबा रानातून आले, ओट्यावर टेकले, ते उठलेच नाहीत. आज नववा दिवस. उद्या दहावा.

अंगणात कुसगावच्या बायका भेटायला आल्या होत्या आणि बजरंगची आई, नंदाबाई, त्यांना सांगत होती. साधं सांगणं म्हातारीला ठाऊकच नव्हतं. लग्न झालं तेव्हा तिनं कुरवंडे गावभर सांगितलं होतं, जनरेटर असा खोकला, असा खोकला, की नागफणीच्या कड्यावरची माकडं त्याला पाणी पाजायला खाली उतरली. माणसं पोट धरून हसली होती. आजही आवाज तोच. डोळे कोरडे.

"डिझेल न्हवतंच की गं त्यात. वऱ्हाड अंधारात हुबं. मंग माझ्या बजरंगानं काय करावं? शर्टाची बटनं सोडली, जनरेटरची वायर घेतली अन् लावली छातीला. असा उजेड पडला बायांनो, खाली खोपोलीची कोंबडी आरवली, सकाळ झाली म्हनून. समदं लगीन उरकेस्तोवर जळत व्हता माझा लेक. मंग इझला."

कुणी हसलं नाही. खुर्च्या पुसणाऱ्या कैलासचा हात थांबला. मग पुसलेलीच खुर्ची तो पुन्हा पुसायला लागला.

खरं एवढंच होतं, की आबा हळद लागलेल्या सदऱ्यानं मोटारसायकलला कॅन बांधून लोणावळ्याला गेले, डिझेल घेऊन आले, आणि पंगती उठेपर्यंत वलवणच्या वऱ्हाडातल्या एकेकापुढं हात जोडत फिरले.

आणि खरं हेही होतं, की आबा गेले त्या सकाळी कैलास सगळ्यांच्या आधी आला. न बोलावता. कोमल सासरहून, वलवणहून, पोचली तेव्हा अंगणात सावली झालेली होती, खुर्च्या लागल्या होत्या, पाण्याचा जार भरलेला होता. मावळतीकडून ऊन येतं म्हणून त्या अंगाला आज दुपारी त्यानं एक जुना फ्लेक्स उलटा करून बांधला होता, पांढरी बाजू आत. दुखवट्याच्या घरी रंग नको.

"लग्नाला उशीर अन् मयताला पयला," प्रदीप दातांतल्या दातांत बोलला. "एवढ्यानं फिटलं व्हय?"

"फिटलं कोण म्हनतंय, दादा? वलवणात शेजारी लगीन हाय. पोरीचा बाप मला इचारत व्हता, कैलासचा मांडव कसा हाय म्हनून."

"मंग?"

कोमल फोनवरचं लिहिलेलं पुन्हा वाचू लागली.

ऊन खाली आलं. पांढरा फ्लेक्स पेटल्यासारखा झाला. आधी त्यात उलटी अक्षरं उमटली, मग एक फेटा. फेट्याखाली आबा. हसरे, हात जोडलेले. लग्नात कमानीपाशी लावलेला स्वागताचा फ्लेक्स होता तो.

बसलेल्या बायका उठून उभ्या राहिल्या. एकीनं तोंडाला पदर लावला.

कैलास हातातलं फडकं टाकून पुढं आला. "आईच्यान, मी बघितलंच न्हाई. गोडावनात वर पडला व्हता, घाईत उचलला..." तो शिडीकडं धावला.

"ऱ्हाऊ दे रं," नंदाबाई म्हणाली. "त्या दिशी बी तुझ्यापायीच हात जोडले व्हते त्येनं."

शिडी धरून कैलास तसाच उभा राहिला. कोमल उठली आणि तिनं फोन त्याच्यापुढं धरला.

"वाचा, कैलासभाऊ. खोटं असंल ते खोडा."

त्यानं शिडी भिंतीला लावली, हात प्यांटीला पुसले. ओठ हलवत सगळं वाचलं. पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

"तासभर न्हाई, ताई," तो म्हणाला. "दोन तास बंद व्हता. डिझेल भरायचंच इसारलो व्हतो मी." फोन तिच्या हातात देऊन तो पाण्याचा जार उचलायला गेला. फ्लेक्सकडं त्यानं बघितलं नाही.

कोमलनं 'तासभर' खोडलं. 'दोन तास' लिहिलं.

"आता तर त्योच म्हनतोय," प्रदीप म्हणाला. "टाक."

कोमलनं मान वर केली. आबा हात जोडून हसत होते.

"ऊन उतरू दे," ती म्हणाली.