सांगणारा माणूस

"आवाज कुठंय? बिलाल, आवाज दे की!" संघपाल पडद्याजवळून ओरडला.

अहमदपूरच्या विहारासमोर पांढऱ्या साड्यांच्या रांगा बसल्या होत्या. पडद्यावर एक भिक्खू भर बाजारातून चालला होता आणि लोक त्याला दगड मारत होते. सगळं मुकं. मधूनच काळ्या पाटीवर परक्या लिपीतली अक्षरं येत आणि जात.

बिलालनं पुन्हा वायर काढून लावली. "कवाधरून तेच करून राहिलो, भाऊ. माझे स्पीकर नवे कोरे हायत. तुमचं पिक्चरच मुकं हाय."

"खरं बोलतोय त्यो," पहिल्या रांगेतल्या सरजाबाई उठून म्हणाल्या. "ह्याला आवाज नसतोच, संघपाल. लई जुनं हाय. बाजूला उभं राहून सांगणारा माणूस लागतो. माझा बा सांगायचा."

"हाव माय. बसा तुम्ही, वायरीत पाय अडकंल."

सरजाबाई बसल्या नाहीत. छप्पन सालच्या दीक्षेनंतरच्या वर्षी हाच मूकपट गावात आला होता. ती अक्षरं तेव्हाही कुणाला वाचता आली नव्हती. तो घेऊन आलेल्या भंतेंनी गोष्ट समजावली आणि त्यांच्या बापानं, ग्यानोबानं, हातात काठी घेऊन ती आपल्या बोलीत सांगितली. आठ वर्षांच्या सरजाला शब्द न् शब्द पाठ झाला होता. आता तो दुसऱ्या कुणापाशी उरला नव्हता.

"माइक दे. दोनच मिनिटं. आता त्यो पाणवठ्यापाशी थांबंल बघ, अन् बोलंल."

"माय, लोक उठून चाललेत! भाषण मागून करा."

"भाषण न्हाई रे बाबा..."

संघपालनं आपला मोबाइल स्पीकरला जोडला. ढोलकी दणाणली, गाणं सुरू झालं. उठलेली माणसं टाळ्या वाजवत परत बसली. सरजाबाईही मटकन खाली बसल्या.

भिक्खू पाणवठ्यापाशी थांबला. मागं वळला. कपाळ फुटलं होतं. त्याचे ओठ हलले.

सरजाबाईंचेही हलले. "मारा, बाबांनो. मारून मारून हात रिकामे झाले की मग या माझ्याकडं. दगड धरलेल्या हातात मी काय देऊ?"

शेजारच्या साखराबाईंना त्या गोंगाटात एक अक्षर ऐकू आलं नाही. त्यांना नुसते ओठ दिसले. त्यांनी घाईनं हात जोडले आणि बडबडणाऱ्या सुनेला कोपरानं ढोसलं.

"गप गं. सरजाबाईची वंदना चाललीय."