बुडीत क्षेत्र

धरणाचं पाणी चढण्याआधी आंबेगाव तालुक्यातलं एक जुनं दगडी देऊळ वाचवायचा विडा नारायणगावच्या भरत सरांनी उचलला. म्हणजे लग्नाचं शूटिंग करणाऱ्याकडून भाड्याने व्हिडिओ कॅमेरा आणला. खांब, शिखर, नंदी सगळं टिपून झाल्यावर त्यांनी डोळे पुसणाऱ्या गेणभाऊ गुरवांच्या खांद्यावर हात ठेवला.

"रडू नका भाऊ. दगड काय, आज ना उद्या जायचाच. देऊळ आता माझ्या कॅसेटमध्ये अमर झालं."

गेणभाऊंनी कॅमेऱ्याला हात जोडले.

पुढे गावोगाव मोबाइल आले आणि एका कडक उन्हाळ्यात गेणभाऊंचा फोन आला. "सर, कॅसेट संबाळून ठेवलीय न्हवं?"

सरांच्या कॅसेटला केव्हाच बुरशी लागली होती; लावली की पडद्यावर नुसत्या मुंग्या.

"काय सांगू भाऊ," ते कसंबसं म्हणाले, "आपलं देऊळ गेलं हो. कॅसेट सडली."



"देऊळ कुटं जातंय? धरण आटलंय, पायरीवर बसूनच बोलतोय. तुमी कॅसेट घिऊन या, हितं उन्हात वाळत घालू."