अनोळखी माणसं हवीत

“मावशी, लाजू नका. कॅमेऱ्याकडे नाही, समोर बघायचं,” दिग्दर्शिका म्हणाली.

मावशी खुर्चीत अंग चोरून बसल्या. खोलीत काळे पडदे, एक टेबल, दोन खुर्च्या. या लघुपटाला गोष्ट नव्हती, संवाद नव्हते. दोन अनोळखी माणसांनी समोरासमोर बसून एकमेकांच्या डोळ्यांत बघायचं, मग उठून आपापल्या वाटेने जायचं. एवढंच.

“म्हणजे करायचं काहीच नाही?”

“काहीच नाही. तेच लोकांना जमत नाही हो!”

घरी त्यांनी डोळे तपासायला जाते म्हणून सांगितलं होतं. खरं कोणत्या तोंडाने सांगणार? कुणीतरी एकदा आपल्याकडे नीट बघावं, एवढ्यासाठी या वयात बाई घराबाहेर पडते, हे ऐकून सून पोट धरून हसली असती.

दार उघडलं. निळ्या शर्टातले एक गृहस्थ आत आले आणि दारातच थबकले. मावशींची कानशिलं तापली. उठून पळावंसं वाटलं.

“या काका, बसा. मावशी चावत नाहीत.” दिग्दर्शिका हसली. “तुमची आधीची ओळख नाही ना?”

काकांनी घाईघाईने नकारार्थी मान हलवली. मग मावशींनीही.

कॅमेरा सुरू झाला. मावशींनी नजर उचलली. काकांच्या शर्टाचं वरचं बटण भलत्याच रंगाच्या दोऱ्याने, वेडंवाकडं टाचलेलं होतं. मावशींनाच मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या आणखी वर बघू लागल्या. काकांचे डोळे तपकिरी होते. मावशींना वाटलं होतं, काळे असतील.

काकाही बघत होते. अगदी सांगितल्याप्रमाणे.

“बास!” दिग्दर्शिकेने टाळ्या वाजवल्या. “सकाळपासून किती जोड्या बसवल्या! कुणी हसतं, कुणाला रडू येतं. परकी माणसं, पण काहीतरी जुळतंच मेलं. मला हवा होता परकेपणा, तो काही मिळेना. तुम्ही दोघांनी मात्र कमाल केलीत. डोळ्यांत ओळखीचं काही म्हणजे काही नाही!”

मावशींनी मांडीवरची पर्स घट्ट धरली. मान वर होईना.

“चला, आता तरी ओळख करून घ्या. काका, या मावशी—”

“राहू द्या,” काका फरशीकडे बघत म्हणाले. “बायको आहे माझी.”