न पिणाऱ्यानं घेऊ नये

भाचीच्या लग्नाला नायगावचं वऱ्हाड आदल्या दिवशीच हदगावात उतरलं आन् सकाळी निम्मं डोकं धरून बसलं. दारू उतरवायचा माझा काढा साऱ्या तालुक्याला ठाऊक. मी पातेलं चढवलं आन् ठणकावून सांगितलं, "रात्री ज्यानं घेतली न्हाई, त्यानं हा पिऊ नये. जिवावर बेततं."

वऱ्हाडी पिऊन गेले, तसा नवरदेव आनंदराज गुपचूप चुलीपाशी आला. पोरगा दारूला शिवत न्हाई, असं त्याच्या आईनं सोयरीक जमवताना छातीठोक सांगितलं होतं.

"मावशी, मला बी द्या गलासभर."

"जावईबापू, तुम्हाला सोसायचा न्हाई."

त्यानं मान खाली घातली. "द्या हो. मला काय होत न्हाई."

तो घटाघटा पिऊन गेला. दाराआडून नवरी, आमची महामाया, बाहेर आली.

"मावशी, खरंच बाधतो का गं हा?"

"धने-जिऱ्याचं पाणी हाय, बाई. लहान लेकरालाबी चालतं."

महामाया तडक मांडवात गेली. "भंतेजी," ती म्हणाली, "पंचशीलातलं दारू न पिण्याचं शील आधी नवरदेवाला एकट्यालाच म्हणू द्या, माइकवर. हाराचं मग बघू."