आधी मोजा, मग सील

बाळांनो, डोळ्यांसमोर आणा बरं: एक आई, तिची दुसरीतली लेक आणि आईचं दुकान. दारूचं आहे म्हणून लगेच नाक मुरडू नका, परवाना सरकारनेच दिलाय. मतदान होईपर्यंत दारूची दुकानं बंद ठेवा, असा हुकूम आला, तेव्हा आईने आपणहून दिवे मालवले आणि शटर अर्धं ओढलं. तेवढ्यात उत्पादन शुल्क खात्याचे साहेब सील ठोकायला लाख आणि शिक्का घेऊन हजर झाले.

"सील खुशाल करा," आई म्हणाली. "पण आधी पंचांसमोर आतला माल मोजा. तो माझा हक्क आहे. सील काढल्यावर चार बाटल्या कमी भरल्या, तर चोरून विकल्या म्हणून माझाच परवाना जाईल."

"अहो बाई, मला अजून अख्खा बाजार फिरायचाय. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं समजा!"

"मुठीचं ठीक आहे, साहेब. झाकलेल्या दुकानावर मात्र संशयच येतो."

"आत बाटल्यांशिवाय आहे काय मोजण्यासारखं?" असं म्हणत साहेबांनी शटरला हात घातला.

पायरीवर बसलेली लेक हे सगळं ऐकत होती.



ती झटकन वाकून शटरखालून आत शिरली, एका खोक्यावर मांडी ठोकून बसली आणि तिथूनच ओरडली, "साहेब, लिहायला घ्या! मुलगी, एक!"