टाकीतलं पेट्रोल

दादा बाबांशी भांडून घर सोडून गेला, त्याला दोन वर्षं झाली. “कायमचा गेला,” एवढंच बाबा म्हणाले होते. दादाचं गवत कापायचं मशीन आज मी शेडमधून काढलं. प्लग घासला, फिल्टर झटकला. दोरी ओढून खांदा निखळायची वेळ आली, तरी इंजिन ढिम्म. टाकी उघडली, तर तेव्हाचंच पेट्रोल, चिकट झालेलं. “निष्काळजी कार्टा,” बाबा पुटपुटले. “मशीन आठवडाभर बंद ठेवायचं तर टाकी रिकामी करायची. सांगून सांगून जीभ झिजली माझी.” “दादा हे कधीच विसरायचा नाही, बाबा. म्हणजे तो आठवड्याच्या आत परतणार होता.” मी कार्बोरेटर धुतला, नवं पेट्रोल भरलं. दुसऱ्याच ओढीला इंजिन धडधडलं. त्या आवाजात बाबा काहीतरी बोलले. मी मशीन बंद केलं. “अजून तोच नंबर आहे ना गं त्याचा?”