एका दिवसाची खुर्ची

सक्तीने निवृत्त केलेल्या न्यायाधीश बाई त्या आदेशाविरुद्ध वरच्या न्यायालयात वकील न लावता स्वतःच उभ्या राहिल्या होत्या.

"बाई, ही काही शिक्षा नव्हे," सरकारी वकील समजुतीच्या सुरात म्हणाले. "पेन्शन पूर्ण मिळतंय. लोकहितासाठी थोडं लवकर निवृत्त केलं, इतकंच."

"शिक्षा असती तर आरोप तरी सांगावा लागला असता."

न्यायमूर्तींनी मान हलवली. "आदेशाला आधार दिसत नाही, हे खरं. पण तुमच्या नोकरीचा उद्या तसाही शेवटचा दिवस आहे. पगाराचा फरक देववतो, सन्मानाचे चार शब्दही लिहितो. एका दिवसासाठी खुर्ची कशाला हवी?"

"माझ्याकडचा एक दावा पूर्ण ऐकून झाला होता. निकाल वाचायच्या आदल्या संध्याकाळी मला घरी पाठवलं. त्या दाव्यात सरकार प्रतिवादी आहे, हा योगायोग असू शकेल. माझ्यामागून आलेल्या दोघांनी नुसत्या तारखा दिल्या. उद्याही तारीख आहे. निकाल वाचायला एक दिवस पुष्कळ झाला."

सरकारी वकील लगबगीने उठले. "महोदय, यावर उत्तर द्यायला सरकारला वेळ हवा. परवाची तारीख मिळावी."

न्यायमूर्तींनी चष्मा काढून त्यांच्याकडे नीट पाहिलं.

"गरज नाही. उत्तर मिळालं," ते म्हणाले आणि लघुलेखकाला आदेश सांगू लागले.